नेव्हिल डिसोझांचे गोल कुणाच्या वहीत आहेत?

प्रति,
मुंबई, महाराष्ट्र आणि गोव्यातल्या फुटबॉल संघटनांचे सर्व पदाधिकारी

सप्रेम नमस्कार.

परवा माझ्या नातवाच्या शाळेचा सामना वांद्र्याच्या नेव्हिल डिसोझा मैदानावर होता. सामना संपला, पोरं पाण्याच्या बाटल्या घेऊन कडेला बसली होती. नातू बूट काढत होता, मोज्यांतून टर्फचे काळे रबरी दाणे झटकत होता. तेवढ्यात त्याने विचारलं, "आजोबा, नेव्हिल डिसोझा म्हणजे इथले मालक का?" शेजारच्या तीन-चार पोरांनीही माझ्याकडे पाहिलं. त्यांतल्या एकालाही ठाऊक नव्हतं. पोरांचा यात काडीचाही दोष नाही. ती दहा-अकरा वर्षांची आहेत, त्यांना एम्बापेचे गोल तोंडपाठ आहेत, कारण ते गोल कुणीतरी जपून ठेवलेत.

मी त्यांना तिथेच बसून सांगितलं. मेलबर्न ऑलिंपिक, १९५६, भारताच्या फुटबॉल संघाचा सेंटर फॉरवर्ड, एका सामन्यात तीन गोल. पोरांनी डोळे मोठे केले आणि लगेच पुढचा प्रश्न टाकला: "आणि मुंबईत किती मारले?" तिथे मी गप्प झालो. हे पत्र त्या प्रश्नासाठी लिहितोय.

आधी स्वतःबद्दल थोडं. माझा जन्म १९५७ चा, म्हणजे मेलबर्न ऑलिंपिकनंतरचा. नेव्हिलना मी खेळताना कधीच पाहिलं नाही. मी स्वतः एका बँकेच्या संघातून अकरा वर्षं सेंटर फॉरवर्ड म्हणून मुंबईच्या हार्वुड लीग या फुटबॉल स्पर्धेत खेळलो. मोठा खेळाडू नव्हतो. पण गोलपोस्टसमोर पाठ करून, मागच्या स्टॉपरचा, म्हणजे बचावपटूचा, कोपरा बरगडीत झेलत चेंडूची वाट बघणं म्हणजे काय, हे मला माहीत आहे. नव्वद मिनिटांत सेंटर फॉरवर्डच्या वाट्याला खऱ्या अर्थाने दोन-तीनच क्षण येतात. बाकीचा वेळ तो धावतो, अडतो, पडतो आणि प्रेक्षकांच्या शिव्या खातो. ज्याने ऑलिंपिकमध्ये परक्या देशात, यजमान संघाच्या प्रेक्षकांसमोर असे तीन क्षण सोडले नाहीत, त्याच्याविषयी मी आदराने आणि थोड्या हक्काने बोलतोय, असं समजा.

नेव्हिल डिसोझांचा जन्म १९३२ चा, गोव्याच्या बार्देश तालुक्यातल्या आसगावचा. शेजारच्याच शिवोलीत १८८३ साली एका इंग्रज पाद्र्याने गोव्यात पहिल्यांदा फुटबॉल आणला असं मानतात. म्हणजे ज्या मातीत गोव्याचं फुटबॉल रुजलं, त्याच मातीतले ते. पण मेलबर्नमध्ये भारताचा शर्ट घालून ते उतरले तेव्हा गोवा भारतात नव्हता, हे आपण विसरतो. १५ ऑगस्ट १९५५ ला गोव्याच्या सीमेवर सत्याग्रहींवर पोर्तुगीजांनी गोळ्या झाडल्या. त्यात आपल्या महाराष्ट्रातलीही माणसं होती. त्यानंतर सव्वा वर्षाने, आसगाववर अजून पोर्तुगालचा झेंडा असताना, आसगावचा एक मुलगा भारतासाठी ऑलिंपिकमध्ये गोल करत होता. गोवा मुक्त व्हायला अजून पाच वर्षं होती. आमच्या शाळेत गोवा मुक्तीचा धडा होता, त्यात हे एक वाक्य असतं तर किती बरं झालं असतं!

मुंबईत ते टाटा स्पोर्ट्स क्लबकडून खेळले. आजच्या पोरांना "प्रोफेशनल" म्हटलं की लिलाव आणि कोटींचे आकडे डोळ्यांसमोर येतात. तेव्हाच्या मुंबईत ते चित्र नव्हतं. कंपन्यांचे, मिलचे, बँकांचे, रेल्वेचे संघ होते. पगार नोकरीचा आणि घाम मैदानावरचा. खेळणं हेच ज्यांचं खरं काम होतं, त्यांनाही कागदोपत्री हौशीच म्हणायचे. सकाळी सराव, मग कचेरी, सामन्याच्या दिवशी दुपारी लवकर सुट्टी. माझ्या वेळेपर्यंत यात फार बदल झाला नव्हता. बूट फाटला तर व्हीटीबाहेरच्या मोच्याकडून चामड्याचे स्टड खिळ्यांनी ठोकून घ्यायचो. हाफ टाइमपर्यंत एखादा खिळा तळव्यात वर यायचा. मग आत पुठ्ठ्याचा तुकडा सरकवायचा आणि पुन्हा उतरायचं. मला हे सांगावंसं वाटतं, कारण त्याच्या वीस-पंचवीस वर्षं आधी, यापेक्षा जड बुटांत, पावसात फुगून दगड झालेल्या चामड्याच्या चेंडूने, मुंबईच्या कूपरेज मैदानावर जे गोल झाले त्यांची किंमत नुसत्या आकड्यातही कळत नाही. आणि इथे आकडासुद्धा नाही.

आता मेलबर्न. हे मला मिनिटांसकट येतं, कारण ऑलिंपिकची नोंद जगाने ठेवली.

त्याआधीचं ऑलिंपिक १९५२ चं, हेलसिंकीचं. तिथे युगोस्लाव्हियाने आपल्याला १०-१ असं हरवलं होतं. थंडीने गारठलेल्या मैदानावर आपले बरेच खेळाडू अनवाणी होते. त्या पराभवानंतर बूट सक्तीचे झाले. प्रशिक्षक हैदराबादचे सय्यद अब्दुल रहीम, मूळचे शाळामास्तर. चार वर्षांनी त्यांनीच हा संघ उभा केला. कर्णधार समर ऊर्फ बद्रू बॅनर्जी, उजव्या बाजूला पी. के. बॅनर्जी, शिवाय किट्टू, तुळसीदास बलराम, केंपय्या, आणि पुढे नेव्हिल. पहिल्या फेरीत हंगेरीने माघार घेतली म्हणून आपण थेट उपांत्यपूर्व फेरीत गेलो. समोर यजमान ऑस्ट्रेलिया, जपानला २-० ने हरवून आलेला.

१ डिसेंबर १९५६. नवव्या मिनिटाला नेव्हिलचा पहिला गोल. सतराव्या मिनिटाला ऑस्ट्रेलियाच्या ब्रूस मॉरोने बरोबरी केली. तेहतिसाव्या मिनिटाला पुन्हा नेव्हिल, आणि एकेचाळिसाव्याला पुन्हा मॉरो. हाफ टाइमला २-२. पुढे खेळणाऱ्याच्या छातीवर तेव्हा काय दडपण असतं, ते ज्याने अनुभवलंय त्यालाच कळतं. तू दोनदा पुढे नेलंस, दोनदा ते परत आले, आता तिसऱ्यांदा नेशील का? पन्नासाव्या मिनिटाला नेव्हिलनी स्वतःचा तिसरा मारला. ऐंशीव्या मिनिटाला किट्टूने चौथा टाकला आणि ४-२ असा निकाल लागला. ऑलिंपिक फुटबॉलमध्ये हॅटट्रिक करणारे ते पहिले आशियाई. भारताकडून ऑलिंपिक फुटबॉलमध्ये हॅटट्रिक करणारे तर ते आजही एकटेच. आणि ऑलिंपिक फुटबॉलची उपांत्य फेरी गाठणारा आशियातला पहिला देश आपण ठरलो.

उपांत्य फेरीत समोर कोण आलं? तोच युगोस्लाव्हिया. ४ डिसेंबरला हाफ टाइमपर्यंत एकही गोल नाही. बावन्नाव्या मिनिटाला नेव्हिलनी गोल केला आणि भारत १-० ने पुढे गेला. चार वर्षांपूर्वी ज्यांनी दहा गोल घातले होते त्यांच्यावर! माझे वडील ही गोष्ट सांगायचे तेव्हा इथे थांबायचे, पाणी प्यायचे, आणि मगच पुढचं सांगायचे. ती आघाडी दोन-तीन मिनिटंच टिकली, शेवटी युगोस्लाव्हिया ४-१ ने जिंकला. कांस्यपदकाच्या सामन्यात बल्गेरियाने आपल्याला ३-० ने हरवलं आणि आपण चौथे आलो. ऑलिंपिक संपल्यावर सिडनीत ऑस्ट्रेलियाशी पुन्हा गाठ पडली, तेव्हा भारताने त्यांना ७-१ असं हरवलं. नेव्हिलचा पहिला दिवस हा नशिबाचा खेळ होता, असं कुणाला वाटत असेल तर हा निकाल वाचावा.

स्पर्धेत चार गोल करून नेव्हिल सर्वाधिक गोल करणाऱ्या तिघांपैकी एक ठरले. दुसरा बल्गेरियाचा मिलानोव्ह. तिसरा युगोस्लाव्हियाचा तोडोर व्हेसेलिनोविच, जो पुढे स्वतःच्या देशाच्या संघाचा प्रशिक्षक झाला, तुर्कस्तानच्या फेनरबाचेचाही झाला. त्या यादीत आपला माणूस त्याच्या बरोबरीने उभा आहे. व्हेसेलिनोविचचे क्लबसाठीचे गोलही कुणाला मोजायचे असतील तर मोजता येतात.

वडील गिरणीत होते. रोव्हर्स कप ही मुंबईतली फुटबॉल स्पर्धा आली की ते मला कूपरेजला न्यायचे. पन्नाशीच्या दशकात त्यांनी टाटाचे सामने पाहिले होते. मिलच्या एका जुन्या रजिस्टरात गव्हाच्या पिठाच्या खळीने त्यांनी वर्तमानपत्रांतली कात्रणं चिकटवली होती. खळीमुळे त्याला कसर लागली. काही पानांचे कोपरे जाळीसारखे झालेत, निकाल दिसतो पण गोल कुणी केले ती ओळ खाल्ली गेलीये. १९८० च्या मार्चमध्ये नेव्हिल गेल्याची बातमी आली. सत्तेचाळीस वर्षांचे होते ते. वडिलांनी ती बातमी कापली, चिकटवली आणि रजिस्टर बंद केलं. त्यानंतर त्यांनी त्यात काही लावलं नाही.

बँकेतून निवृत्त झाल्यावर मी ठरवलं की त्या खाल्लेल्या ओळी भरून काढायच्या. सामन्यांची जुनी रजिस्टरं बघायला मिळतील का म्हणून मुंबईतल्याच एका कार्यालयात गेलो. नाव घेत नाही, कारण तिथल्या माणसांनी माझ्याशी प्रेमाने वागून चहा पाजला. रजिस्टरं एका पावसाळ्यात भिजली, मग जागा नव्हती म्हणून रद्दीत गेली, असं सांगितलं. ज्याने सांगितलं त्यालाही वाईट वाटत होतं. मी तिथून बाहेर पडलो तेव्हा पहिल्यांदा जाणवलं की माझेसुद्धा अकरा वर्षांचे गोल त्याच रद्दीत असणार. माझ्या गोलांचं मला दुःख नाही. पण त्याच गठ्ठ्यात मेलबर्न ऑलिंपिकमध्ये सर्वाधिक गोल करणाऱ्यांपैकी एका माणसाचे गोल असतील, तर ते दुःख माझ्या एकट्याचं राहत नाही.

याच शहरात त्याच काळात, कूपरेजपासून चालत पाच-दहा मिनिटांवर क्रिकेट चालायचं. १९५० च्या दशकातला मुंबईचा कुठलाही रणजी सामना काढा. कुणी किती धावा केल्या, कुणाला कुणी बाद केलं, सगळं मिळतं. क्रिकेटबद्दल माझ्या मनात आकस नाही, मीही ते आवडीने बघतो. पण तिथे स्कोअरर नावाचा माणूस पेन्सिल घेऊन बसायचा आणि त्याची वही पवित्र मानली जायची. आपल्याकडे रेफरीच्या अहवालावर सही झाली की काम संपायचं.

तुम्ही म्हणाल, मैदानाला नाव दिलं की. दिलं, आणि ज्यांनी दिलं त्यांचे आम्ही ऋणी आहोत. या शहरात फुटबॉलपटूचं नाव मैदानाला लागणं ही साधी गोष्ट नाही. पण नाव हे दार आहे, आत घर पाहिजे. नातवाने मला "मालक का" असं विचारलं ते यासाठीच.

निवृत्त स्ट्रायकरची कारकीर्द म्हणजे शेवटी काय उरतं, याचा मी हल्ली फार विचार करतो. बचावपटूची ओळख संघसहकाऱ्यांना असते. गोलकीपरच्या एखाद्या अफाट बचावाची गोष्ट होते. सेंटर फॉरवर्डचं मात्र सगळं गोलांच्या आकड्यात असतं, तो आकडा गेला की माणूसच जातो. माझा उजवा गुडघा तेहतिसाव्या वर्षी गेला. त्या सोमवारपासून मी बचत खात्याच्या काउंटरवर कायमचा बसलो. वर्षभर लोक यायचे, "साहेब, परवा कूपरेजला तुम्हाला पाहिलं होतं" म्हणायचे, मग तेही बंद झालं. ते व्हायचंच. नेव्हिलच्या बाबतीत ते होऊ देणं हा मात्र आपल्या सगळ्यांचा हलगर्जीपणा आहे, आणि त्यात मी प्रेक्षक म्हणून, खेळाडू म्हणून स्वतःलाही धरतो.

सुनील छेत्रीचं उदाहरण घ्या. १ जून २०१८ ला अंधेरीच्या मैदानावर चिनी तैपेईविरुद्ध त्याने हॅटट्रिक केली आणि स्टँड जवळपास रिकामे होते, जेमतेम अडीच हजार माणसं. दुसऱ्या दिवशी त्याने हात जोडून लोकांना मैदानावर यायची विनंती केली. ४ जूनला केनियाविरुद्ध धो धो पावसात स्टेडियम भरलं. मीही त्या दिवशी छत्री असूनही पूर्ण भिजून परत आलो होतो. तो सामना आज कुणालाही बघता येतो. छेत्रीचे देशासाठीचे गोल तारखेसह, मिनिटांसह मोजता येतात. त्यासाठी कुणी पुतळा उभारला नाही, कुणीतरी नीट लिहून ठेवलं एवढंच.

अर्जुन पुरस्कार १९६१ साली सुरू झाला. फुटबॉलचा पहिला पी. के. बॅनर्जींना, दुसऱ्या वर्षीचा बलरामना मिळाला. दोघेही मेलबर्नच्या त्याच संघातले. नेव्हिलचं नाव त्या यादीत नाही. ती यादी आता बदलायला जाऊ नये, पण महाराष्ट्र आणि गोवा या दोन्ही राज्यांना त्यांच्यावर हक्क सांगता येतो, तर दोघांनी मिळून काही करायला काय हरकत आहे? गोव्याकडे जन्मगाव आहे, मुंबईकडे मैदान आहे.

माझं मागणं नेमकं आहे. १ डिसेंबर २०२६ ला मेलबर्नच्या त्या सामन्याला सत्तर वर्षं होतील. तोपर्यंत नेव्हिल डिसोझांची मुंबईतली सगळी कारकीर्द, सामना आणि गोल, एका ठिकाणी लिहून काढायची. हे होण्यासारखं आहे. त्या काळची वर्तमानपत्रं एशियाटिक लायब्ररीत आहेत. मराठी, इंग्रजी दोन्ही बघावी लागतील, गोव्याच्या पत्रांसाठी पणजीला जावं लागेल. कंपन्यांच्या स्पोर्ट्स क्लबांची वार्षिक पुस्तिका, सामन्यांपूर्वीचे संघांचे फोटो घरोघरी पडून आहेत. माझगाव, वांद्रे, भायखळा, मालाडच्या ऑर्लेमपासून वसईपर्यंत जुने खेळाडू आहेत, त्यांच्या बायका-मुलं आहेत. त्यांच्याकडे मोबाइल घेऊन बसा, त्यांना बोलू द्या. घाई करा. मेलबर्नच्या संघातले पी. के. आणि निखिल नंदी २०२० मध्ये गेले, गोलकीपर एस. एस. नारायण २०२१ मध्ये ठाण्यात गेले, बद्रू बॅनर्जी २०२२ मध्ये, बलराम २०२३ मध्ये. नारायण तर आपल्या दारात होते. त्यांच्यासमोर तासभर बसून नेव्हिलबद्दल विचारावं, हे मला स्वतःला सुचलं नाही, आणि याची टोचणी मला आयुष्यभर राहील.

हे काम झालं की त्याची एक छोटी पुस्तिका मराठीत आणि कोकणीत काढा. हंगामाच्या पहिल्या दिवशी त्या मैदानावर खेळणाऱ्या प्रत्येक पोराच्या हातात ती द्या. आणि एकदा हात लागला की नेव्हिलवर थांबू नका. रोव्हर्स कप शतक बदलताना बंद झाला, महिंद्राचा संघ २०१० मध्ये गेला, कापड गिरण्यांचे संघ तर गिरण्यांबरोबरच गेले. त्या सगळ्यांत गोल करणारी माणसं होती. काही आज सत्तरी-ऐंशीत आहेत, त्यांच्या घरी जायला अजून वेळ आहे.

पैसे फार लागणार नाहीत. माझ्यासारखे सात-आठ निवृत्त खेळाडू मी गोळा केलेत. आम्हाला वाचता येतं, हिशेब ठेवता येतो, आणि आता वेळच वेळ आहे. लायब्ररीत बसायला लागणारं तुमच्या संघटनेचं एक पत्र आणि जमा झालेलं साहित्य ठेवायला एक कोरडं, कुलूप असलेलं कपाट, एवढं तुम्ही दिलंत की आम्ही सुरुवात करतो. मंगळवार आणि गुरुवार मी पूर्ण देईन.

वडिलांचं रजिस्टर मी पहिलं त्या कपाटात ठेवायला तयार आहे. कसर आणखी पसरू नये म्हणून ते सध्या कडुनिंबाचा पाला घालून पत्र्याच्या पेटीत ठेवलंय. कुठे आणून द्यायचं, तेवढं कळवा.

आपला,
हार्वुड लीगमधला एक जुना सेंटर फॉरवर्ड